बिघडलेलं कुटुंब कुणाला परवडतं?

२५ ऑक्टोबर २०२५ रोजी सतीश शाह गेले, आणि पुढचे कित्येक दिवस फोनवर त्यांच्याशिवाय दुसरं काही दिसत नव्हतं. ‘जाने भी दो यारो’मधला डिमेलो होता, ‘ये जो है जिंदगी’चे तुकडे होते, पण लोकांना खरा हवा होता तो इंद्रवदन साराभाई. धाकट्या मुलाची, रोसेशची, जेवणाच्या टेबलावर यथेच्छ हजेरी घेणारा, बायकोच्या तोऱ्याला टाचणी लावणारा, म्हातारपणीही शाळकरी पोरासारखा खोडकर बाप. अंत्यसंस्काराच्या वेळी सहकलाकारांनी ‘साराभाई व्हर्सेस साराभाई’चं शीर्षकगीत म्हटलं. जी मालिका स्टार वनवर नोव्हेंबर २००४ ते एप्रिल २००६ असं जेमतेम दीड वर्ष चालली, तिच्याबद्दल वीस वर्षांनी इतका जिव्हाळा असणं ही साधी गोष्ट नाही. मूळ प्रसारणात तिला चॅनलला हवा तसा प्रेक्षकही मिळाला नव्हता. ती मोठी झाली पुनःप्रसारणांतून, यूट्यूबवरून आणि नंतर मीम्समधून. आज जे विशीत आहेत ते ती लागायची तेव्हा बालवाडीत होते, पण ‘मोनिशा बेटा’ म्हटलं की पुढचं वाक्य त्यांना पाठ असतं.

मलाही पाठ आहे. आणि जातीच्या प्रश्नावर लिहिणाऱ्या, वाचणाऱ्या माझ्या बहुतेक मित्रमैत्रिणींनाही. हे आपल्याला का आवडतं, याचा नीट विचार व्हायला हवा. ‘सवर्णांची मालिका’ म्हणून शिक्का मारला की विचार करायचं काम वाचतं, पण हसू थांबत नाही.

ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. दक्षिण मुंबईत कफ परेडच्या उंच इमारतीत राहणारं गडगंज गुजराती कुटुंब. आई माया (रत्ना पाठक शाह), अभिरुचीची स्वयंघोषित दंडाधिकारी. बाप इंद्रवदन. थोरला साहिल (सुमीत राघवन) कॉस्मेटिक सर्जन. धाकटा रोसेश (राजेश कुमार), नाटकांत कामं करणारा, भयंकर कविता करणारा आईचा लाडका. साहिलची बायको मोनिशा (रूपाली गांगुली), नोएडाची पंजाबी मुलगी, जी समोरच्याच फ्लॅटमध्ये नवऱ्यासोबत संसार करते आणि सासूच्या लेखी रोज एक नवा गुन्हा करते. घर आवरत नाही, सेलमधल्या वस्तू आणते, पाच रुपयांसाठी घासाघीस करते, टीव्हीवरच्या मालिका बघून रडते. यावर मायाचा एकच निकाल: मिडल क्लास! लेखक आतिश कपाडिया, दिग्दर्शक देवेन भोजानी. त्या काळात बाकी वाहिन्यांवर ‘क्योंकि सास भी कभी बहू थी’च्या धाटणीच्या भरजरी सासवासुना राज्य करत होत्या. त्या सासवासुनांना कपाडियांनी उलटं टांगलं. इथली सासू सुनेचा छळ करते तो विषाने किंवा कटाने नाही, सुसंस्कृतपणाने.

आता एक तपशील बघा. मोनिशाचं माहेरचं नाव मनीषा. मायाला ‘मनीषा’ फार मिडल क्लास वाटलं म्हणून तिने सुनेचं नाव बदलून ‘मोनिशा’ केलं. मालिकेत हा विनोद आहे, आणि चांगला विनोद आहे, कारण फरक फक्त एका स्वराचा. पण मराठी वाचकाला यात नवं काय वाटणार? लग्नात ताटात तांदूळ पसरून त्यात अंगठीने सुनेचं नवं नाव लिहायची पद्धत आपल्याकडच्या कितीतरी घरांत आजही आहे. आणि ज्यांना मुंबई-पुण्यात भाड्याने खोली शोधायची वेळ आली आहे, त्यांना आडनावातला एखादा स्वर किंवा गावाच्या नावापुढचा ‘कर’ काय किमतीचा असतो हे मी सांगायला नको. नाव बदलणं मनीषाच्या बाबतीत विनोद राहतो, कारण तिचं जुनं नाव कळलं तरी तिला घराबाहेर कुणी काढणार नसतं.

‘साराभाई’ हे आडनावही सहज घेतलेलं नाही. अहमदाबादच्या गिरणीमालक जैन घराण्याचं ते आडनाव: अंबालाल, अनसूया, विक्रम, मल्लिका. पैसा, विज्ञान, नृत्य, समाजसेवा, सगळं एका शब्दात. (१९१५ साली गांधींनी कोचरबच्या आश्रमात दुदाभाईंच्या अस्पृश्य कुटुंबाला ठेवून घेतलं आणि देणगीदारांनी पैसे बंद केले, तेव्हा एक शेठ मोटारीतून आला, तेरा हजार रुपये देऊन गेला, आश्रमात आत मात्र आला नाही. तो शेठ म्हणजे अंबालाल साराभाई असं मानलं जातं. मदत दाराबाहेरूनच करायची ही रीत पुढे बरीच टिकली.) मालिकेत कुणी कधी जातीचा उच्चार करत नाही. करायची गरजच नसते. आडनावाने ते काम पहिल्या भागाआधीच केलेलं असतं.

मग राहतो तो शब्द, ‘मिडल क्लास’. समाजशास्त्राचा विद्यार्थी इथे बोर्द्यूचं नाव घेणार हे ठरलेलं आहे. १९७९ च्या ‘डिस्टिंक्शन’ या ग्रंथात त्याने दाखवलं की अभिरुची ही वरच्या वर्गाची कुंपण घालायची पद्धत असते. ते बरोबरच आहे. पण मायाचा चेहरा नीट बघितला तर तिथे नापसंतीपेक्षा जास्त काही दिसतं. मोनिशाच्या घरात शिरताना ती अंग चोरते, नाक मुरडते, वस्तूंना हात लावायचं टाळते. रत्ना पाठक शाह हे इतकं अचूक करतात की आपण हसत सुटतो. ही किळस फ्रान्समधून आलेली नाही. कुणाच्या स्वयंपाकघरात काय चालतं, कुणाचं भांडं कुठे ठेवायचं, कुणाच्या बोलण्याला कसला वास येतो, ही सगळी विटाळाची भाषा आहे. फक्त तिच्यावर इंग्रजी शब्दाचा रुमाल टाकलाय. रुमालामुळे सोय अशी होते की सवर्ण प्रेक्षकाला तिरस्काराची मजा पुरेपूर घेता येते आणि जातीचं ओझं मनावर येत नाही. शिवाय तो दोन्हीकडून खेळू शकतो: मायासोबत हसायचं आणि स्वतःला मात्र मोनिशा समजायचं. मालिकेच्या दीर्घायुष्याचं निम्मं गुपित या सोयीत आहे असं मला वाटतं.

हे मी लिहितोय बैलकुप्प्यातून, संशोधनाच्या कामासाठी मी इथे असतो. म्हैसूर जिल्ह्याच्या पिरियापट्टण तालुक्यातली ही तिबेटी निर्वासितांची वसाहत, १९६१ पासूनची. पर्यटक सोनेरी मूर्ती बघायला नामड्रोलिंग मठात येतात, नागपूर-औरंगाबादकडून आपले लोकही बसगाड्या भरून येतात. कावेरी ओलांडली की कुशालनगर, म्हणजे कोडगू जिल्हा. याच कोडगूतल्या लोकांवर एम. एन. श्रीनिवास यांनी १९५२ साली प्रसिद्ध केलेल्या पुस्तकातून ‘संस्कृतीकरण’ ही संकल्पना पुढे आली: खालच्या मानल्या गेलेल्या जाती वरच्यांचे आचार उचलतात आणि वर सरकायचा प्रयत्न करतात. आपल्या विभागांमध्ये हा शब्द अजून इतक्या निरागसपणे शिकवला जातो, जणू वर जायचा जिना आहे आणि चढायची इच्छाच काय ती हवी. साराभाईंच्या घरात या सिद्धांताची फजिती होते. माया सुनेला अखंड शिकवत असते आणि मोनिशा शिकत नाही. तिला जमत नाही असं नाही, तिला गरज वाटत नाही. सासूने दिलेल्या प्रत्येक धड्यानंतर ती पुन्हा सेलमध्ये जाते.

आपल्याला जी मोनिशा आवडते ती हीच असावी. विद्यापीठात पहिल्यांदा पोचलेल्या पिढीतल्या कुणालाही ‘अगं, असं नाही म्हणायचं’ हे वाक्य ठाऊक आहे. उच्चार दुरुस्त करणारे, ‘तुमच्याकडे हे असं करतात का?’ असं गोड आवाजात विचारणारे, डब्यातल्या भाजीकडे बघून भुवई उंचावणारे. आपण त्या वेळी गप्प बसलो, घरी येऊन आरशासमोर ‘श’ आणि ‘ष’ घोटवले. मोनिशा ते करत नाही. तिचं न सुधारणं बघताना आत कुठेतरी बरं वाटतं.

पण इथल्या काही मुलामुलींसोबत मी हे भाग पाहिले, तेव्हा एक गोष्ट नव्याने दिसली. यांतल्या अनेकांच्या घरचे लोक हिवाळ्यात स्वेटर विकायला शहरांत जातात. महाराष्ट्रातल्या शहरांतही फुटपाथवर, मोकळ्या मैदानात त्यांचे स्टॉल आपण सगळ्यांनी पाहिलेत. घासाघिशीचा एक प्रसंग चालू होता, बाकी सगळे हसत होते. एक मुलगी म्हणाली, ‘हिच्यासमोर माझी आई बसलेली असते.’ मालिकेत मोनिशाची काटकसर हा विनोद असतो, तिच्यावर हसणारी माया हाही विनोद असतो. पण पाच रुपये ज्याच्या पदरातून कमी होतात तो विक्रेता चौकटीबाहेर राहतो. बाबासाहेबांनी श्रेणीबद्ध विषमतेबद्दल जे सांगितलं ते हेच: प्रत्येक पायरीला खाली बघायला कुणीतरी दिलेलं असतं, म्हणून वरच्या पायरीविरुद्ध सगळे एक होत नाहीत. माया मोनिशाला हिणवते, मोनिशा फेरीवाल्याला पिळते, आणि आपण मोनिशाच्या बाजूने टाळ्या वाजवतो. त्याच मुलीने पुढे न विचारता सांगितलं की जुन्या तिबेटी समाजातही लोहार, खाटीक आणि प्रेतांचं काम करणारे यांना वेगळं धरायचे, आणि लग्न ठरवताना तो विषय अजूनही कुजबुजीत निघतो. बुद्धाची मूर्ती कितीही उंच असली तरी.

मराठीत ‘मध्यमवर्गीय’ ही शिवी कधीच नव्हती, ती पदवी आहे. साधी राहणी, संस्कार, पुस्तकं, नाट्यगृहाचं तिकीट. ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही केदार शिंदेंची मालिका अल्फा मराठीवर लागली त्याला दोन दशकं उलटली, पण लोक अजून तिच्या आठवणी काढतात. गोड मालिका होती, दिलीप प्रभावळकर अप्रतिम होते. पण टिपऱ्यांचं घर म्हणजे ‘सर्वसामान्य मराठी घर’ हे कुणी ठरवलं? त्याआधी पु. लं.ची ‘बटाट्याची चाळ’ होतीच. मुंबईतल्या चाळीचं हसू म्हणजे गिरगावातल्या त्या चाळीचं हसू. वरळी, नायगाव, शिवडी, ना. म. जोशी मार्गावरच्या बीडीडी चाळींत एका खोलीत दहा-दहा माणसं राहत होती. तिथे सासवासुना होत्या, विक्षिप्त काके होते, कविता करणारी पोरं तर फारच होती. पण त्या चाळींचं नाव मराठी वाचकाला कळलं ते १९७४ च्या वरळीच्या दंगलीमुळे. एका चाळीच्या वाट्याला विनोद आला, दुसरीच्या वाट्याला बातमी.

मला यातलं खरं दुखणं इथे दिसतं. साराभाईंचं कुटुंब ‘बिघडलेलं’ आहे म्हणून आवडतं, पण त्यांच्या बिघडण्याला किंमत मोजावी लागत नाही. दर भागात एकमेकांचा इतका पाणउतारा होतो की एरवी घर फुटलं असतं. तरी संध्याकाळी सगळे एकाच टेबलावर असतात, कारण फ्लॅट जागेवर आहे, बँकेतला पैसा जागेवर आहे, आडनाव जागेवर आहे. नोएडाची मुलगी कफ परेडच्या घरात लग्न करून आली आणि त्याची शिक्षा म्हणजे टोमणे. आपल्याकडे खर्ड्यात, २०१४ साली, उच्चजातीय मुलीशी बोलल्याच्या संशयावरून शाळकरी पोराचा जीव गेला. २००६ च्या एप्रिलमध्ये साराभाई पडद्यावरून गेले. त्याच महिन्यात केंद्रीय शिक्षणसंस्थांतल्या ओबीसी आरक्षणाची घोषणा झाली आणि ‘मेरिट’वाले झाडू घेऊन रस्त्यावर उतरले. त्याच वर्षीच्या २९ सप्टेंबरला खैरलांजी झालं. एका घरातली चार माणसं मारली गेली, आणि मोठ्या माध्यमांना ती दिसायला आठवडे लागले. त्या घरात आई मुलांना काय म्हणून चिडवत असेल, बहीणभाऊ कशावरून भांडत असतील, सायकल कुणी न्यायची यावरून रोज काय चालत असेल, हे आपल्याला कधी कळणार नाही. दलित कुटुंब पडद्यावर येतं ते प्रेत म्हणून, नाहीतर आदर्श म्हणून.

आदर्शाचा भाग आपणही वाहतो. आपल्या घरांत भिंतीवर बाबासाहेब आहेत, समोर बसून कुणी फालतूपणा करायचा नाही. मुलांनी नीट बोलायचं, स्वच्छ राहायचं, पहिला नंबर काढायचा. पिणाऱ्या काकाबद्दल चारचौघांत हसायचं नाही, कारण बाहेरचा माणूस लगेच त्याचा पुरावा करेल. ही सावधगिरी उगाच आलेली नाही. १९७८ मध्ये दया पवारांचं ‘बलुतं’ आलं तेव्हा समाजातल्याच काहींना ते आवडलं नाही, आपली लक्तरं वेशीवर टांगली असं वाटलं. आज ते पुस्तक पुन्हा वाचा. त्यात अपमान आहे तितकंच हसू आहे, स्वतःवरचं, बापावरचं, कावाखान्यातल्या सगळ्या वरातीवरचं.

अमेरिकेतल्या काळ्या लोकांनी हा वाद आपल्याआधी घातलाय. १९७४ मध्ये ‘गुड टाइम्स’ सुरू झाली, शिकागोतल्या गरीब काळ्या कुटुंबाची. हळूहळू थोरल्या मुलाचं पात्र विदूषक होत गेलं, तेव्हा आईबापाचं काम करणाऱ्या एस्थर रोल आणि जॉन एमॉस यांनी जाहीर नाराजी दाखवली. पुढे दोघेही मालिकेबाहेर गेले. रोल नंतर परतल्या, एमॉस परतले नाहीत. मग १९८४ ते १९९२ ‘कॉस्बी शो’ आला: बाप डॉक्टर, आई वकील, घर टापटीप. सट जॅली आणि जस्टिन लुईस यांनी त्याच्या प्रेक्षकांचा अभ्यास केला, तेव्हा आढळलं की अनेक गोऱ्या प्रेक्षकांना ती मालिका म्हणजे वर्णभेद संपल्याचा दाखला वाटत होती. म्हणजे विदूषक दाखवला तरी पंचाईत, आदर्श दाखवला तरी पंचाईत. या कोंडीतून नुसती पात्रं बदलून सुटका होत नाही. विनोद कोण लिहितंय यावर बरंच अवलंबून असतं.

म्हणून ‘साराभाईंच्या घरात एक दलित पात्र हवं होतं’ ही मागणी मला बिनकामाची वाटते. त्या टेबलावर बसवून त्याचं काय केलं असतं? एक तर मायाने त्याला सुधारलं असतं किंवा साहिलने त्याच्या वतीने भाषण ठोकलं असतं. गेल्या काही वर्षांत वेब मालिकांमधून दलित पात्रं येऊ लागलीत, चांगलं आहे. पण बहुतेक वेळा ती धीरगंभीर असतात, त्यांच्यावर प्रसंग कोसळतो आणि त्या प्रसंगातून इतरांचं हृदयपरिवर्तन होतं. ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ ही स्टार प्रवाहवरची मालिका घराघरात पाहिली गेली, माझ्या घरीही हात जोडून पाहिली. हात जोडून जे पाहायचं त्यात हसायची सोय नसते, आणि तिथे ती नसावी हेही ठीक.

याचा अर्थ आपल्याकडे विनोदाची परंपरा नाही असा कुणी काढू नये. भीमराव कर्डकांच्या जलशात पुढाऱ्या-पुरोहितांची खिल्ली होतीच. दादू इंदुरीकरांचं ‘गाढवाचं लग्न’ आठवा. सावळ्या कुंभार आणि गंगी हे मराठीतलं सगळ्यात भांडखोर, सगळ्यात बिघडलेलं आणि सगळ्यात लाडकं जोडपं असेल. इंद्राच्या दरबाराची फजिती करणारं ते वगनाट्य अनेक वर्षं महाराष्ट्रभर गाजलं. पण वगनाट्याला ‘लोककला’ म्हणायचं आणि सिटकॉमला ‘क्लासिक’, ही वाटणी कुणी केली ते वेगळं सांगायला नको. आज टीव्हीच्या लेखकांच्या खोलीत कोण बसतं याची मोजणी माझ्यापाशी नाही. वृत्तमाध्यमांची आहे. ऑक्सफॅम आणि न्यूजलॉण्ड्रीच्या २०१९ च्या अहवालात निर्णय घेणाऱ्या १२१ पदांपैकी १०६ सवर्णांकडे होती, अनुसूचित जाती-जमातींकडे एकही नाही. मनोरंजनाची खोली याहून फार वेगळी असेल असं मानायला मला कारण दिसत नाही.

रूपाली गांगुली २०२० पासून ‘अनुपमा’ करतेय, मराठीत तीच गोष्ट ‘आई कुठे काय करते’ म्हणून आपल्याकडे पाच वर्षं चालली. एकेकाळची शिवी आता सोशिकतेचं पदक झालीय, मोनिशाने शेवटी घर आवरलं म्हणायचं.

मला मात्र वेगळं घर बघायचं आहे. उल्हासनगर किंवा नागपूरच्या इंदोऱ्यातलं, दोन खोल्यांचं, वर पत्रे काढून नुकताच स्लॅब टाकलेलं. चार भाऊ आणि रिपब्लिकन पक्षाचे पाच गट, कारण थोरल्याने स्वतःचा एक काढलाय. जयंतीची वर्गणी कुणाच्या पावतीपुस्तकावर घ्यायची यावरून १ एप्रिलपासून अबोला. विपश्यनेहून परतलेली आत्या, जी दहा दिवसांच्या मौनाची भरपाई अकराव्या दिवशी करते. बँकेत अधिकारी झालेला जावई, जो ऑफिसातल्या लोकांना घरी आणायचं म्हटलं की भिंतीवरच्या फोटोंपुढे पडदा लावावा का याचा विचार करतो, आणि त्याची मेव्हणी नेमकी तेव्हाच पंचशील लावते. बावीस प्रतिज्ञा पाठ असलेली धाकटी सून, जिने माहेरून आणलेला छोटा गणपती कपाटात साड्यांच्या मागे ठेवलाय, आणि तो तिथे आहे हे सासूला पहिल्या दिवसापासून माहीत आहे. सासू काही बोलत नाही. फक्त दर रविवारी ते कपाट आवरायला काढते आणि साड्यांच्या त्या घडीपर्यंत येऊन थांबते.